समुद्राचा एक-चौदाचा उतारा

भारताचा किनारा ७,५१६ किलोमीटर लांबीचा आहे, असे आपल्याकडील कित्येक पिढ्या शाळेत घोकत आल्या. केंद्रीय गृह मंत्रालयाच्या २०२३-२४ च्या वार्षिक अहवालात तोच किनारा ११,०९८ किलोमीटरांहून अधिक असल्याचे नमूद झाले. मधल्या काळात परशुरामाने पुन्हा बाण सोडून समुद्र मागे हटविला, असे काही घडलेले नाही. जमीन होती तेवढीच आहे. बदलली ती मोजपट्टी. अधिक बारीक प्रमाणावर मोजणी झाली, खाड्यांची वळणे आणि खडकांचे कंगोरे हिशेबात आले, आणि किनारा साडेतीन हजार किलोमीटरांनी लांब झाला. बारकाईने पाहणाऱ्यास किनारा अधिक देतो, हा या आकड्यांचा अर्थ आहे. परंतु आपण लांबीपाशीच थांबलो. त्या किनाऱ्यावर राहते कोण, याची मोजणी अजून तशा बारकाईने झालेली नाही. आणि ती न झाल्याची किंमत आपण मोजीत आहो, हे आमच्या पुरेसे ध्यानात आलेले नाही.

आज आम्ही ज्या जीवाविषयी लिहीत आहो, त्याचे नाव ऐकून काही वाचक हसतील. समुद्री गोगलगाय हा तो जीव. मृदुकाय प्राण्यांच्या मोठ्या कुळात शंखवाल्या गोगलगायींचे हे भावंड. मात्र बहुतेकांनी शंखाचे ओझे टाकून दिलेले. अंड्यातून बाहेर पडलेल्या डिंभाच्या अंगावर इवले कवच असते, पण वाढीच्या ओघात ते गळून जाते. कित्येक जातींचे कल्लेही शरीराबाहेर, पाठीवर फुलासारखे उमललेले असतात. म्हणून शास्त्रज्ञ त्यांना नग्नक्लोमी म्हणतात. या एका गटातच सुमारे तीन हजार जाती जगभर ज्ञात आहेत. काही बोटाच्या पेराएवढ्याही नाहीत, काही वीतभर असतात. निळा, केशरी, जांभळा, पांढऱ्यावर सोनेरी काठ असा त्यांचा रंगसंभार पाहिला, तर गोगलगाय हा शब्द ज्या अर्थाने आपण बोलण्यात वापरतो, तो मागे घ्यावासा वाटेल.

कवच टाकून दिलेल्या या दुबळ्या जीवाने स्वसंरक्षणाचे जे मार्ग शोधले, ते थक्क करणारे आहेत. काही जाती विषारी स्पंज खातात आणि ते विष आपल्या अंगात साठवितात. काही दंश करणाऱ्या हायड्रॉइडांवर जगतात. त्यांच्या दंशपेशी न फुटता गिळतात आणि आपल्या पाठीवरील शिंगांच्या टोकांशी नेऊन शत्रूविरुद्ध वापरतात. आपल्या पश्चिम किनाऱ्यावरही आढळणारी एलिशिया ही हिरवी गोगलगाय शैवलातील रस शोषते आणि त्यातील हरितकण पचवून न टाकता आपल्या पेशींत जपून ठेवते. ते कण काही काळ तिच्या अंगातही सूर्यप्रकाशावर काम करीत राहतात. उसने घेतलेल्या सामग्रीवर संसार थाटण्याची ही विद्या निसर्गात अन्यत्र क्वचितच दिसते.

हे सारे कौतुकापुरते आहे, मानवाला त्याचा उपयोग काय, असे विचारणाऱ्यांसाठी दोन दाखले पुरेत. समुद्री ससा या नावाने ओळखल्या जाणाऱ्या ॲप्लिसिया या गोगलगायीच्या मज्जापेशी आकाराने विलक्षण मोठ्या असतात. त्यांच्यावर प्रयोग करून एरिक कँडल यांनी स्मृती कशी घडते याचा उलगडा केला, आणि २००० सालच्या वैद्यकशास्त्राच्या नोबेल पारितोषिकाचे ते एक मानकरी ठरले. डोलाबेला ऑरिक्युलेरिया ही तर हिंदी महासागरात वावरणारी जात. तिच्या शरीरातून अमेरिकेतील जॉर्ज पेटिट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एक द्रव्य वेगळे केले. १९८७ मध्ये त्याची रचना प्रसिद्ध झाली. त्याच द्रव्याच्या धर्तीवर प्रयोगशाळेत बनविलेला घटक असलेले औषध २०११ पासून काही प्रकारच्या लसीकाग्रंथींच्या कर्करोगावर वापरात आहे. ते द्रव्य मुळात गोगलगायीचे नसून तिने खाल्लेल्या सूक्ष्म जीवांचे होते, हे पुढे कळले. पण त्या सूक्ष्म जीवांकडे जाणारी वाट या गोगलगायीनेच दाखविली.

तरीही केवळ उपयुक्ततेसाठी त्यांची नोंद व्हावी, असे आमचे म्हणणे नाही. त्यामागे अधिक जवळचे कारण आहे. समुद्री गोगलगायी खाण्याच्या बाबतीत विलक्षण चोखंदळ असतात. एखादी जात एकाच प्रकारच्या स्पंजावर, दुसरी एकाच शैवलावर जगते. त्यामुळे एक गोगलगाय सापडली म्हणजे तिचे अन्नही तिथे आहे असे समजावे. ती नाहीशी झाली म्हणजे त्या खडकाच्या संसारात कोठे तरी तुटले आहे, असा संशय घ्यावा. शिवाय बऱ्याच जातींचे आयुष्य काही आठवड्यांचे वा महिन्यांचे असते; वर्षभराहून अधिक जगणाऱ्या थोड्याच. पाणी बदलले तर शतायुषी वृक्षाला ते जाणवण्यास काळ लागेल. या अल्पायुषी जीवाच्या पुढच्याच पिढीत त्याचा परिणाम उमटतो. २०१४ ते २०१६ या काळात अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरील समुद्र असाधारण तापला, तेव्हा दक्षिणेकडील उबदार पाण्यात वावरणारी 'हॉपकिन्स रोझ' ही गुलाबी गोगलगाय उत्तरेकडील खडकांवर मोठ्या संख्येने दिसू लागली. ही बातमी ठरली, कारण त्या किनाऱ्यावर कोणती जात कोठवर आढळते याच्या नोंदी पूर्वीच ठेवलेल्या होत्या. नोंद नसती, तर ते गुलाबी खडक पाहून लोक सुंदर म्हणाले असते आणि घरी गेले असते.

म्हणूनच जातींची यादी आणि त्यांच्या प्रसाराचा नकाशा या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत, हे लक्षात घेतले पाहिजे. यादी सांगते की गोव्यात अमुक जात आहे. नकाशा सांगतो की ती हणजुणेच्या खडकांवर आहे, दोनापावलास नाही, काब द रामच्या पायथ्याशी केवळ पावसाळ्यानंतर दिसते आणि ग्रांदे बेटापाशी अमुक वाव पाण्यात आढळते. हे केवळ उदाहरणादाखल. परंतु असे स्थळ, असा महिना, अशी भरती-ओहोटी, असे अन्न लिहून ठेवले, तरच पुढील वर्षीच्या माणसाला तुलना करता येते. शोधूनही न सापडल्याची नोंद ही सापडल्याच्या नोंदीइतकीच मोलाची असते; आणि हौशी माणसे नेमकी तीच करीत नाहीत.

आपल्या देशात या कामाचा आरंभ तसा जुना आहे. मद्रास इलाख्यातील एक मुलकी अधिकारी वॉल्टर इलियट यांनी पूर्व किनाऱ्यावर जमविलेल्या गोगलगायींवर आल्डर आणि हॅन्कॉक या दोघा इंग्रज संशोधकांनी १८६४ मध्ये लंडनला निबंध प्रसिद्ध केला. मद्यार्कात ठेवल्यावर या जीवांचे रंग उडून जातात. म्हणून जिवंतपणी काढलेल्या चित्रांना अशा अभ्यासात फार महत्त्व असे. पुढील शतकभर तुरळक नोंदी होत राहिल्या. अलीकडच्या काळात मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचे दीपक आपटे यांनी लक्षद्वीपच्या गोगलगायींची सविस्तर यादी २००९ मध्ये प्रसिद्ध केली; पुढच्याच वर्षी आपटे, विशाल भावे आणि पराशर्य यांनी कच्छच्या आखाताची यादी दिली. त्या दोन्ही याद्यांत भारतातून पूर्वी कधीच न नोंदलेल्या जाती कितीतरी होत्या. लक्षद्वीपच्या एका यादीतच त्या चाळीस होत्या. त्या जाती २००९ साली समुद्रातून नव्याने उपजल्या नव्हत्या. कोणी वाकून पाहिले नव्हते, इतकेच. मुंबईत तर २०१७ पासून 'मरीन लाइफ ऑफ मुंबई' या उपक्रमातून सामान्य नागरिक ओहोटीच्या वेळी खडकांवर उतरून अशा नोंदी करीत आहेत. ज्या शहराच्या समुद्राला लोक गटार म्हणून मोकळे होतात, त्या शहराच्या खडकांवरही या रंगीत गोगलगायी आहेत, हे त्यातून सर्वांना दिसले.

आता प्रश्न आमच्या गोमंतकाचा. आमच्या मातीत कागदाचे महत्त्व कोणास समजावून सांगण्याची गरज नाही. गावकऱ्यांच्या चालीरीतींची नोंद करणारा फोराल १५२६ मध्ये तयार झाला, आणि गावकारीच्या हक्कांची चर्चा निघाली की आजही त्याचा हवाला दिला जातो. जमिनीचा तंटा उभा राहिला की प्रत्येक जण एक-चौदाचा उतारा काढावयास धावतो. उताऱ्यावर नाव नसले, तर पिढ्यान् पिढ्या कसलेल्या माणसालाही आपले कसणे सिद्ध करताना नाकीनऊ येतात. वनस्पतींच्या बाबतीतही आपल्या पूर्वजांनी नोंदीचे मोल जाणले होते. गार्सिया द ऑर्ता यांचा औषधींवरील ग्रंथ १५६३ मध्ये गोव्यातच छापला गेला. १६७८ ते १६९३ या काळात बारा खंडांत निघालेल्या 'हॉर्टस मलबारिकस' या ग्रंथाला कोचीनचे रंग भट, विनायक पंडित आणि आपू भट या तिघा कोकणी वैद्यांचे साहाय्य होते, आणि त्यांचे नागरी लिपीतील प्रमाणपत्र त्या ग्रंथात छापलेले आहे. ज्यांच्या घराण्यांची मुळे या किनाऱ्यात होती, त्यांनी मलबारच्या झाडापानांचा उतारा जगाला दिला. पायाशी असलेल्या समुद्राचा उतारा मात्र कोरा राहिला.

या कोऱ्या उताऱ्याचे परिणाम कसे होतात, ते पाहण्यासारखे आहे. २००० सालच्या जूनमध्ये 'रिव्हर प्रिन्सेस' हे जहाज कांदोळीच्या किनाऱ्यावर रुतले आणि ते तेथून पुरते हटविण्यास २०१२ साल उजाडले. वाळू किती सरली, किनाऱ्याची धूप किती झाली, यावर त्या बारा वर्षांत उदंड वाद झाले; पाण्याखालील जीवसृष्टीचे काय झाले, हा प्रश्न मात्र जहाजापेक्षाही खोल रुतून राहिला. २०२१ च्या मे महिन्यात 'तौक्ते' वादळ आमच्या किनाऱ्याला घासून गेले. पडलेली झाडे, उडालेली छपरे यांचे पंचनामे झाले. खडकांवरून काय वाहून गेले, याचा पंचनामा करावयाचा तर वादळापूर्वी तेथे काय होते, याची यादी हाती असावी लागते. २०२५ च्या मे महिन्यात केरळच्या समुद्रात 'एमएससी एल्सा ३' हे मालवाहू जहाज बुडाले आणि केरळ सरकारने साडेनऊ हजार कोटींहून अधिक रकमेचा नुकसानभरपाईचा दावा उच्च न्यायालयात लावला. असा प्रसंग उद्या मुरगावच्या तोंडाशी ओढवला तर? न्यायालय पहिला प्रश्न हाच विचारील की नुकसान झाले ते कशाचे? त्या वेळी 'आमचा समुद्र पूर्वी फार सुंदर होता' हे उत्तर चालणार नाही.

नोंद असली म्हणजे काय होते, याचेही उदाहरण जवळच आहे. जुन्या गोमंतकीय घरांच्या खिडक्यांना काचेच्या जागी जे पातळ, अर्धपारदर्शक शिंपले बसविलेले दिसतात, ते देणारा जीव झुआरीच्या मुखाशी चिखलीच्या उपसागरात अजून टिकून आहे, हे अभ्यासकांनी नोंदले. वन्यजीव संरक्षण कायद्याच्या अनुसूचीतही त्याचे नाव घातले गेले होते. त्यामुळे त्या उपसागराविषयी बोलताना गावकऱ्यांच्या हाती भावनेबरोबर एक आधारही आला. मुंबईत किनारी रस्त्याच्या कामाच्या वेळी वरळी आणि हाजीअली येथील प्रवाळ कायद्याने संरक्षित असल्यामुळे २०२० मध्ये रीतसर परवानगी घेऊन अन्यत्र हलवावे लागले. ते हलविणे कितपत इष्ट, हा वेगळा प्रश्न. पण निदान त्यांची दखल घ्यावी लागली. त्याच खडकांवरील ज्या जीवांचे नाव कोणत्याही अनुसूचीत नव्हते, त्यांच्यासाठी अशी परवानगी कोणाला मागावी लागली नाही. ज्याचे नाव कागदावर नाही, त्याला बुजविण्यासाठी कागद लागत नाही.

यावर दोन आक्षेप येतील, आणि ते दोन्ही आम्ही हलके मानीत नाही. पहिला असा की, बांगडा आणि इसवण सामान्य माणसाच्या ताटातून दूर चालले असता गोगलगायी मोजण्याची ही चैन कोणासाठी? याला आमचे उत्तर असे, की गोगलगायी मोजल्याने मासळी स्वस्त होणार नाही, हे खरेच. परंतु ज्या खडकांवर कालवे आणि शिनाणे धरतात, जेथे माशांची पिल्ले आसरा घेतात, त्याच खडकांची प्रकृती हा जीव सांगतो. नाडी पाहून वैद्य पोट भरीत नाही, पण नाडी न पाहता औषधही देत नाही.

दुसरा आक्षेप मच्छीमार बांधवांचा असेल, आणि तो अनुभवातून आलेला आहे. आज शास्त्रज्ञ यादी करतात, उद्या सरकार तीच यादी पुढे करून आम्हांला किनाऱ्यावरून हाकलते, अशी त्यांची धास्ती आहे. १९८७ मध्ये मालवणचे सागरी अभयारण्य जाहीर झाले, तेव्हापासून तेथील मच्छीमारांचा त्याला विरोध राहिला, तो याच भीतीपोटी. ही भीती खोटी ठरवावयाची असेल, तर नोंदवही सरकारी कपाटात न राहता गावाच्या हाती राहिली पाहिजे. सत्तरच्या दशकात यांत्रिक ट्रॉलरांविरुद्ध रापणकारांनी जो लढा दिला, त्यात समुद्राचे काय बिघडते आहे हे सर्वांत आधी त्यांनीच सांगितले होते. सुकतीच्या वेळी कालवे काढावयास जाणाऱ्या बाईला कोणत्या खडकावर काय धरते आणि कधीपासून धरेनासे झाले, हे जेवढे ठाऊक आहे, तेवढे कोणत्याही अहवालात नाही. तिचे ज्ञान तिच्या नावानिशी नोंदवहीत उतरले, तर ती नोंद तिच्याविरुद्ध वापरणे कोणासही सोपे जाणार नाही.

यासाठी नवा कायदा करावयास नको. २००२ च्या जैवविविधता कायद्यानुसार प्रत्येक स्थानिक संस्थेत जैवविविधता व्यवस्थापन समिती असावी आणि तिने लोकजैवविविधता नोंदवही तयार करावी, अशी तरतूद आहे. माधव गाडगीळ यांनी या कल्पनेचा आग्रहाने पाठपुरावा केला होता. आमची सूचना एवढीच की, किनाऱ्यावरील प्रत्येक पंचायतीच्या नोंदवहीत भरतीच्या रेषेपाशी पान संपू नये. रेषेखालच्या खडकांना स्वतंत्र प्रकरण असावे आणि ते एकदा लिहून मिटविण्याऐवजी दर हंगामात पुढे चालू राहावे. १९६६ मध्ये स्थापन झालेली राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था दोनापावलास उभी आहे. ताळगावच्या पठारावर गोवा विद्यापीठ आहे. जाती ओळखण्याचे शास्त्र त्यांनी द्यावे. आपटे आणि देसाई यांची भारतीय समुद्री गोगलगायींवरील चित्रमय मार्गदर्शिका २०१७ पासून उपलब्ध आहे. तिच्या आधारे मराठी आणि कोकणी नावांसह एक छोटी पुस्तिका तयार करणे अवघड नाही. ऑस्ट्रेलियात पोर्ट स्टीफन्स येथे २०१३ मध्ये पाणबुड्या नागरिकांनी शास्त्रज्ञांच्या मार्गदर्शनाखाली गोगलगायींची गणना सुरू केली आणि ती पुढे इतर किनाऱ्यांवर पसरली. ग्रांदे बेटापाशी पर्यटकांना पाण्याखाली नेणारे आमचे व्यावसायिकही हे काम करू शकतात. दररोज त्याच पाण्यात उतरणाऱ्यांहून चांगला पहारेकरी कोठे मिळणार?

पद्धतीही साधी आहे. पावसाळा सरल्यावर, नोव्हेंबरपासून मार्चपर्यंत, अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या ओहोटीला ठरलेल्या खडकावर जावे. भरतीच्या रेषेपासून पाण्यापर्यंत दोरी लावून तिच्या दोन्ही अंगांना ठरावीक वेळच शोध घ्यावा. सापडलेल्या जीवाचे जागच्या जागी छायाचित्र घ्यावे, संख्या लिहावी, तो कशावर बसला होता ते लिहावे, आणि काही न सापडल्यास तेही लिहावे. उलटलेला दगड पुन्हा होता तसा ठेवावा, कारण त्याच्या खालच्या अंगाला कोणाची तरी अंडी चिकटलेली असतात. बाटलीत भरून जीव घरी नेण्याचा मोह टाळावा. हे काम शाळेतील मुले करू शकतात, आणि मोठ्यांपेक्षा चांगले करतील, कारण वाकून पाहण्याचा त्यांना अजून कंटाळा आलेला नाही.

समुद्रमंथनातून चौदा रत्ने निघाली, असे आपण श्रद्धेने सांगतो; पंधरावे शोधण्याची उत्सुकता मात्र दाखवीत नाही. नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ वाहताना आपण त्याला देव म्हणतो आणि दुसऱ्या दिवशी त्याच्या पोटात काय ओततो, याचा हिशेब ठेवीत नाही. दत्तात्रेयांनी चोवीस गुरू केले, त्यांत समुद्रही होता आणि मासाही होता. थोर माणसांनी क्षुद्र जीवांकडून शिकावे, हा आपल्याच परंपरेचा पाठ आहे. समुद्री गोगलगाय तक्रार करणार नाही, मतदान करणार नाही, मोर्चाही काढणार नाही. तिच्या वतीने बोलू शकेल तो फक्त कागद. येत्या पावसाळ्यानंतर किनारी पंचायतींनी आपल्या नोंदवहीचे ते कोरे पान उघडावे, आणि जैवविविधता मंडळाने त्यासाठी माणसे आणि थोडा पैसा द्यावा, एवढीच आमची मागणी आहे. समुद्रावर दावा सांगणारे पुष्कळ आहेत, आणि त्यांचे कागद तयार आहेत. समुद्राचा स्वतःचा उतारा मात्र अजून लिहावयाचा आहे.